जीआर-बत्तीसवरची लाल रेघ

सुरतेतल्या वराछा रोडच्या त्या तीन मजली मार्केटात रमीलाबेन वेकरियांच्या दुकानाला पाटी नव्हती. कधीच नव्हती. जिन्याखालची जागा, एक टेबल, दोन खुर्च्या, भिंतीला टेकवलेले चार उघडेनागडे कॉम्प्युटर, आणि देवाच्या फोटोशेजारी एक लांबट लाल वही. पाटीचं कुणी विचारलं तर बाई म्हणायच्या, "ज्याचं काम अडतं ना, तो विचारत विचारत येतो. पाटी वाचायला त्याला वेळ कुठे असतो?"

आणि खरंच येत हो लोक. वरच्या मजल्यावरचे हिऱ्यांचे दलाल येत, मागच्या गल्लीतले कंकोत्र्या म्हणजे लग्नपत्रिका छापणारे येत, भरतकामाच्या कारखान्यांतून डिझाइन काढणाऱ्या पोरी येत. तक्रार बहुतेक एकच. कालपर्यंत प्रोग्रॅम धडधडीत चालू होता. आज उघडायला गेलं तर पडद्यावर एक छोटी चौकट, आणि तीत लिहिलेलं की अमुक नावाची फाइल सापडत नाही. बस्स, संपलं. माणूस ती चौकट दहा वेळा बंद करतो, दहा वेळा ती पुन्हा उघडते, आणि अकराव्या वेळी तो शिव्या देत जिन्याखाली येऊन उभा राहतो.

रमीलाबेन त्याला आधी पाणी देत आणि मग समजावत. "आपल्या समाजाच्या लग्नाच्या वाडीत मोठी तपेली असतात ना? लग्न कुणाचंही असो, डाळ त्याच तपेल्यात शिजते. प्रत्येक घर आपलं वेगळं तपेलं थोडंच घेतं? तसंच आहे हे. कॉम्प्युटरमधल्या काही फाइली सगळ्या प्रोग्रॅमच्या सामाईक. चित्राचा प्रोग्रॅम त्याच वापरतो, टायपिंगचा त्याच, जन्मपत्रिकेचाही त्याच. आता एखादा प्रोग्रॅम जाता जाता तपेलं घेऊन गेला, तर पुढच्या लग्नात डाळ कशात शिजवणार?"

"मग आता?"

"आता काय, मी आणते तपेलं. तुम्ही बसा."

आणि त्या आणत. दहा मिनिटांत प्रोग्रॅम उघडे आणि माणूस तोंडभर हसत जाई. या कामात रमीलाबेनचा हात धरणारं त्या रस्त्यावर कुणी नव्हतं, आणि हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. उगाच नम्रपणाचा आव आणायची सवय त्यांना नव्हती.

शिकल्या कशा, ते ऐकण्यासारखं आहे. अमरेलीकडच्या गावातून लग्न होऊन त्या सुरतेला आल्या तेव्हा कॉम्प्युटर त्यांनी फक्त बँकेच्या काचेतून पाहिलेला. नवरा घनश्यामभाई हिरे घासायचा. बाईंनी एका कॉम्प्युटर क्लासात नोकरी धरली ती कुलूप उघडायची, झाडू मारायची, माठ भरायची. मास्तर शिकवत तेव्हा या दाराशी स्टुलावर बसून सगळं ऐकत. एक दिवस सात नंबरचा कॉम्प्युटर त्या चौकटीवर अडला. दुरुस्तीवाल्याने कळवलं, तीन दिवस लागतील. रमीलाबेनच्या मनात आलं, तीन नंबरवर हाच प्रोग्रॅम चालतोय, म्हणजे ती फाइल तिथे असणारच की! मास्तर जेवायला गेलेले. बाईंनी तीन नंबरवरून फाइल फ्लॉपीत घेतली, सात नंबरवर टाकली, आणि पुन्हा स्टुलावर जाऊन बसल्या.

मास्तर आले ते ओरडतच. "कुणी हात लावला याला?"

"मी."

"कुणाला विचारून?"

"चालतोय ना सर? मग बंद करून देऊ का परत?"

मास्तरांनी सात नंबरवर प्रोग्रॅम स्वतः उघडून बघितला. दुसऱ्या महिन्यापासून झाडू मारायला दुसरी बाई आली.

तिथून पुढे रमीलाबेन फाइली जमवत गेल्या. ज्या मशीनवर जे नवं सापडेल ते उचलून आणायचं, आणि प्रत्येक फाइलची नोंद लाल वहीत करायची: कुठल्या मशीनवरून आणली, कुठल्या प्रोग्रॅमची, तारीख काय, आकार किती, कुठे चालली, कुठे अडली. नवी फाइल टाकण्याआधी जुनीला कधी पुसायचं नाही. तिच्या नावापुढे 'जूनी' असं लिहून तिला तिथेच बाजूला बसवायची. आणि कॉम्प्युटर जेव्हा विचारतो की ही फाइल आधीच आहे, बदलू का, आणि खाली 'सगळ्याला हो' असं एक बटण दाखवतो, त्या बटणाला बोट लावायचं नाही. बाई म्हणायच्या, "सगळ्याला हो म्हणणारा माणूस आणि सगळ्याला हो म्हणणारा मिस्त्री, दोघांपासून लांब राहावं." दिवाळीत मार्केटातले व्यापारी आपापल्या चोपड्यांची पूजा करत, तेव्हा रमीलाबेन या वहीला हळदकुंकू लावत.

२००३ साली त्यांच्याकडे चारशे बारा फाइली झाल्या. त्या त्यांनी एका सीडीवर घेतल्या. दुसऱ्या मजल्यावर दिलसुखभाई गोंडलिया हेच दुरुस्तीचं काम करायचे. भला माणूस, कामाला वाघ, फक्त धीर म्हणून नाही. त्यांनी सीडी मागितली, बाईंनी दिली. दिलसुखभाईंच्या सीडीवरून आणखी चौघांनी उतरवून घेतली, त्या चौघांकडून चाळीस जणांनी. दोन वर्षांत कतारगामपासून वेड रोडपर्यंत अशी दुरुस्तीची पिशवी उरली नाही की जिच्यात ती सीडी नाही. प्रत्येकाने आपापल्या हाताने वर लिहिलेलं: 'रमीलाबेन – सगळं'. परक्या गल्लीतल्या परक्या माणसाच्या पिशवीत आपलं नाव बघून बाईंना गुदगुल्या होत. का होऊ नयेत?

वही मात्र त्यांनी कुणाला दिली नाही. घनश्यामभाईने एकदा विचारलं, "सीडी वाटलीस, मग वहीचंच एवढं काय? देऊन टाक."

"वही दिली की माझ्याकडे कोण येणार?" बाई म्हणाल्या. तो विषय तिथेच मिटला.

आता ती गोष्ट सांगतो जी रमीलाबेन स्वतः सहा वर्षं कुणाला बोलल्या नाहीत. त्या चारशे बारांत एक फाइल होती, जीआर-बत्तीस. वळणदार रेघा काढायच्या कामाची. २००४ मध्ये एका साडीच्या डिझाइनवाल्याकडे बाईंनी ती स्वतःच्या हाताने टाकली आणि त्याचा भरतकामाचा प्रोग्रॅम जागच्या जागी मेला. झालं होतं असं की तो प्रोग्रॅम लिहिणाऱ्या सुरती कारागिराने ती सामाईक फाइल घेऊन तिच्यात आपल्या सोयीचे चार टाके घातले होते, आणि नाव तेच ठेवलं होतं. काय म्हणावं अशा माणसाला! नाव एक, पोट वेगळं. साधी जीआर-बत्तीस तिथे चालेचना. बाईंनी 'जूनी' बाजूला ठेवली होती म्हणून पाच मिनिटांत सगळं परत बसवलं. मालकाला पत्ताही लागला नाही. दुकानात येऊन त्यांनी वहीतल्या जीआर-बत्तीसवर लाल रेघ मारली, बाजूला लिहिलं, 'भरतकामाच्या मशीनवर घालू नये', त्या कारागिराच्या फाइलचा आकारही टिपून ठेवला, आणि साधी फाइल गाळून आपल्यापुरती नवी सीडी केली. टाके घातलेली मात्र आणली नाही; नाव तेच, चुकून दुसरीकडे पडायची.

आणि बाजारात फिरणाऱ्या सीड्या? सांगायचं होतं त्यांना. आज सांगू, उद्या सांगू. पण नाव नुकतंच वर आलेलं. अशा वेळी गल्लोगल्ली जाऊन 'माझ्या सीडीत खोट आहे हो' म्हणून कोण सांगतं? भरतकामाचा तो प्रोग्रॅम तरी किती जणांकडे असणार, असं मनाशी म्हणून बाईंनी वही मिटली. वर्षं गेली, तो साडीवालाही दुकान आवरून गेला. काही झालं नाही.

२०१० च्या भादरव्यात झालं.

श्राद्धाचे दिवस संपत आले होते, नवरात्र आठवड्यावर. सुरतेत त्या दिवसांत भरतकामाच्या कारखान्यांना श्वास घ्यायला फुरसत नसते. गुजरातभर गरबा खेळणाऱ्या पोरींचे चणिया-चोळी इथूनच जातात. गुरुवारी सकाळी दहा वाजता लाभुबेन सवाणी स्वतः जिन्याखाली आल्या. मागच्या गल्लीत त्यांचा कारखाना. नवरा गेल्यावर एकटीने उभा केलेला, एका वेळी बारा नग भरणारी, बारा हेडची चार मशीनं. तोलामोलाची बाई; एरवी निरोप पाठवायची. आज अशी घाईने आली की पदर कुठे नि पाय कुठे.

"रमीलाबेन, पाचही बंद."

"काय बंद?"

"कॉम्प्युटर! म्हणजे चालू आहेत, पण डिझाइनचा प्रोग्रॅम एकावरही उघडत नाही. काल संध्याकाळी टायपिंगची एक फाइल हवी होती, दिलसुखभाई आले, काहीतरी घालून गेले. आज हे! उद्या सकाळी कापड लागायचंय मशीनला. छत्तीस डिझाइन आत अडकलीत, पोरींनी तीन महिने डोळे फोडून काढलेली. नवरात्र हातचं गेलं तर मी काय वैशाखात विकू चणिया?"

रमीलाबेननी वही उचलली. "चला."

"वही कशाला?"

"असू द्या."

निघता निघता त्यांनी लाल रेघेच्या पानात बोट घालून ठेवलं.

कारखान्यात पाच पडदे आणि पाचांवर तीच चौकट. बाईंनी वाकून वाचलं. फाइल सापडत नाही, असं लिहिलेलं नव्हतं. फाइल आहे, पण तिच्यात हवं ते सापडत नाही, असं लिहिलेलं होतं. आणि फाइलचं नाव जीआर-बत्तीस. दिलसुखभाई बाजूला घाम पुसत उभे होते.

"दिलसुखभाई, एक फाइल हवी होती ना? मग पाचही मशीनवर काय केलंत?"

"सगळंच टाकलं. म्हटलं, सणाचे दिवस, उद्या हे नाही, परवा ते नाही. एकदाच भरून ठेवलं की यांना त्रास नको."

"चारशेच्या चारशे?"

"हो."

"जुन्या बाजूला ठेवल्या?"

"अहो बेन, चारशे फाइलींची नावं बदलत बसलो असतो तर आजही तेच करत सापडलो असतो तुम्हाला!"

"म्हणजे सगळ्याला हो म्हणालात."

दिलसुखभाईंनी मान खाली घातली. मग एकदम उसळले. "पण मी तरी काय माझ्या घरचं घातलं? तुमचीच सीडी आहे! ही बघा!" आणि पिशवीतून सीडी काढून त्यांनी टेबलावर आपटली. वर काळ्या शाईत लिहिलेलं: 'रमीलाबेन – सगळं'.

लाभुबेननी सीडी हातात घेतली, अक्षरं वाचली आणि वर बघितलं. "ही तुमची?"

पाच पोरी, एक मशीनवाला, दिलसुखभाई आणि लाभुबेन, सगळे बघत होते. रमीलाबेनच्या आयुष्यात या एका नावाखेरीज काय होतं? घनश्यामभाईचे डोळे हिऱ्यांनी खाल्लेले, तो आता घरीच. चूल या नावावर पेटत होती. पाटीसुद्धा नव्हती हो, नुसतं नाव.

"अक्षर माझं नाही," त्या म्हणाल्या.

खोटं नव्हतं ते. पण तेवढ्यावर लाभुबेन दिलसुखभाईंवर अशा काही तुटून पडल्या की बघवेना. "बाईचं नाव पुढे करता? लाज नाही वाटत? कुठल्या उकिरड्यावरची सीडी आणून माझ्या मशीनात घातलीत! हे निस्तरेपर्यंत इथून हलायचं नाही, आणि निस्तरलं की पुन्हा या दारात दिसायचं नाही!" दिलसुखभाई स्टुलावर बसले ते बसलेच. 

"फॉरमॅट मारू," ते हळूच पुटपुटले. "सगळं पुसून नव्याने घालू."

"आणि डिझाइनच्या प्रोग्रॅमचं कुलूप?" रमीलाबेन म्हणाल्या. "पुसलं की तो चालू करायच्या नंबराची किल्ली गेली. नवी किल्ली द्यायला तो कारागीर आहे कुठे? दुकान बंद करून मोम्बासाला गेला, त्याला पाच वर्षं झाली. त्याची सीडी आहे का लाभुबेन?"

"उंदरांनी खाल्ली असेल. ऑफिस बदललं तेव्हापासून दिसली नाही."

"नेटवरून उतरवू?" दिलसुखभाई.

"नेटवर साधी मिळेल, टाके घातलेली नाही मिळणार. ती एकाच ठिकाणी मिळेल. ज्या मशीनवर त्या कारागिराने स्वतः प्रोग्रॅम बसवला होता आणि नंतर कुणी हात लावला नाही, तिथे." काम दिसलं की बाईंचा आवाज आपोआप खणखणीत व्हायचा, आताही झाला. "लाभुबेन, तुमचा सगळ्यात पहिला कॉम्प्युटर. तो कुठाय?"

लाभुबेननी कपाळावर हात मारला. "बांकडे!"

बा म्हणजे जीवीबा, लाभुबेनच्या सासूबाई. वय ऐंशीच्या पुढे. कारखान्याच्या वरच घर. जुना कॉम्प्युटर भंगारात द्यायचा होता, तर म्हातारीने त्यात पत्त्यांचा एकट्याने खेळायचा डाव पाहिला आणि हटूनच बसली. तेव्हापासून तो तिच्या देवघराशेजारी. त्याला हात लावायची घरात कुणाची बिशाद नव्हती. नातवाने एकदा गाणी भरायला बघितलं तर तिने झाऱ्या फेकून मारला होता.

रमीलाबेन एकट्याच वर गेल्या. जीवीबा चष्मा नाकावर घेऊन पडद्याला नाक लावून बसलेल्या.

"बा, जय स्वामिनारायण. दोन मिनिटं मशीन पाहिजे होतं."

"डाव चालू आहे."

"बा, खाली कारखाना बंद पडलाय."

"पडू दे. माझा राजा मोकळा झालाय, आता राणी येईल. बस तिथे."

बसल्या बिचाऱ्या. खाली छत्तीस डिझाइन अडकलेली आणि वर म्हातारी राणीची वाट बघतेय! राणी काही येईना. शेवटी जीवीबांनी चष्मा वर केला आणि बाईंना नीट बघितलं. "काय झालं खाली?"

"चुकीची फाइल पडली. बरोबर असलेली तुमच्या मशीनमध्ये आहे. ती उतरवून घेते, तुमच्या डावाला धक्का लागणार नाही."

"चूक कुणाची?"

"दिलसुखभाईंची. त्यांनी न बघता घातली."

"चूक त्याची," जीवीबा म्हणाल्या, "मग एवढी घामाघूम तू का झालीस?"

रमीलाबेननी पदराने कपाळ टिपलं. म्हातारीने खुर्ची मागे सरकवून जागा दिली. "घे. पण डाव बंद केलास तर बघ."

फाइल तिथे होती. बाईंनी वही उघडली, लाल रेघेच्या पानावर सहा वर्षांपूर्वी टिपलेला आकार बोटाखाली धरला आणि पडद्यावरचा आकडा वाचला. तंतोतंत तोच! पेनड्राइव्हमध्ये फाइल घेऊन त्या उठल्या, तेव्हा मागून जीवीबांचा आवाज आला, "आली गं बाई राणी!"

खाली येऊन त्यांनी पहिल्या मशीनवरची चुकीची फाइल बाजूला केली. पुसली नाही, नावापुढे 'जूनी' लिहिलं, सवयीनं. मग कारागिराची जीआर-बत्तीस तिच्या जागी बसवली आणि सर्वांत धाकट्या पोरीला म्हणाल्या, "उघड." पोरीने डोळे मिटून बटण दाबलं. प्रोग्रॅम उघडला. तिने पहिलं डिझाइन काढलं, आणि घागऱ्याचा घेर, मोर, वेलबुट्टी सगळं झरझर पडद्यावर उमटलं. पोरींनी असा काही गलका केला की मशीनवाला धावत आला. पाचही कॉम्प्युटर अर्ध्या तासात चालू झाले. लाभुबेनच्या डोळ्यांत पाणी होतं आणि तोंडाने त्या चहा नि गांठिया आणायला ओरडत होत्या.

"रमीलाबेन, तुमचं नाव उगाच नाही," त्या म्हणाल्या. "आणि यांना बघा! तुमच्या नावाची खोटी सीडी घेऊन फिरतात."

दिलसुखभाई गांठियाकडे न बघता पिशवी आवरत होते. रमीलाबेननी हातातली बशी खाली ठेवली.

"लाभुबेन, थांबा. वर लिहिलेलं अक्षर माझं नाही हे खरं. पण सीडी माझी आहे. आतली फाइल माझी आहे. आणि ती भरतकामाच्या मशीनला मारते हे मला सहा वर्षांपासून ठाऊक आहे."

बाईंनी वही उघडून लाल रेघेचं पान टेबलावर ठेवलं. "ही बघा तारीख. माझ्या सीडीतून मी ती काढली. बाजाराला सांगितलं नाही. नाव जाईल म्हणून. न बघता घातली हा दिलसुखभाईंचा दोष, तो त्यांचा त्यांनी भरावा. पण विहिरीत काय आहे ते मला दिसत होतं, आणि मी लोकांना पाणी भरू देत होते."

लाभुबेननी तारीख वाचली. एकदा वाचली, पुन्हा वाचली. "सहा वर्षं," त्या म्हणाल्या. "महिन्यातून दोनदा तुम्ही माझ्याकडे चहा प्यायला येता. इथेच, या खुर्चीत बसता."

"हो."

"एक शब्द बोलला नाहीत."

"नाही बोलले."

लाभुबेन संतापी होत्या, पण अन्यायी नव्हत्या. त्यांनी दिलसुखभाईंपुढे गांठियाची बशी सरकवली. "खा. दाराचं मी म्हणाले ते परत घेतलं." मग रमीलाबेनकडे न बघता म्हणाल्या, "तुम्हीही चहा प्या. मशीनं चालू केलीत, ते मी विसरणार नाही. दुसरंही विसरणार नाही. पुढचं मला आज विचारू नका."

रमीलाबेननी चहा प्यायला. गोड होता. कप स्वतः विसळून जागेवर ठेवला. मग वही काखेत मारून त्या उठल्या आणि दुकानाकडे न वळता थेट मार्केटच्या तोंडाशी, काळूभाईच्या झेरॉक्सवर गेल्या. चालताना त्यांची मान ताठ होती. मागून दिलसुखभाई धापा टाकत आले.

"बेन, कशाला सांगितलंत? मी भोगलं असतं. माझं काय, मला रोज कुणी ना कुणी शिव्या घालतंच."

"म्हणून आणखी एक खायची? गप्प बसा. काळूभाई, या वहीच्या सत्तर प्रती काढा."

काळूभाईने वही चाळली. "एवढी जाड? कुणासाठी?"

"ज्यांच्या पिशवीत सीडी आहे त्या सगळ्यांसाठी. सीडी फुकट वाटली, वही दडवून ठेवली. अर्धं देऊन माणसाला आंधळं करण्यापेक्षा काहीच न दिलेलं बरं होतं."

दिलसुखभाई बघतच राहिले. "वही दिलीत तर तुमच्याकडे कोण येईल?"

"ज्याला वही वाचूनही जमणार नाही तो येईल," बाई म्हणाल्या. "तुम्ही तर रोज याल."

दिलसुखभाईंना हसू फुटलं, दिवसात पहिल्यांदाच. तेवढ्यात काळूभाईने मध्येच एक पान वर धरलं. "बेन, हे पान खराब आहे. लाल रेघ काळी येणार, खालचं धड दिसणार नाही. गाळून टाकू? एका पानाने कुणाचं काय अडतंय?"

नुसतं हो म्हणायचं होतं, पान एकच होतं, आणि गाळायला खुद्द काळूभाई तयार होता. रमीलाबेननी त्याच्याकडून वही घेतली, त्याच्या कानावरचं पेन काढलं, आणि रेघेखालच्या मोकळ्या जागेत ठळक लिहिलं: 'जीआर-बत्तीस. भरतकामाच्या मशीनला मारते. मला २००४ मध्ये कळलं. मी सांगितलं नाही. रमीला घनश्याम वेकरिया.' मग पेन दिलसुखभाईंपुढे धरलं. "खाली तुम्ही लिहा. सगळ्याला हो म्हणायचं नाही, आणि म्हटल्यावर काय होतं. तुमच्या नावानिशी."

दिलसुखभाईंनी कपाळ पुसलं, काळूभाईकडे बघितलं आणि लिहिलं. सही मात्र झोकात केली.

"आता याच पानापासून सुरू करा," रमीलाबेन म्हणाल्या. "हे सगळ्यात वर."

काळूभाईने पान काचेवर पालथं घातलं. उजेड एकदा इकडून तिकडे सरकला आणि पहिली प्रत गरम गरम बाहेर आली. त्याने ती उचलून सावकाश वाचली. त्याच्या गल्ल्यामागेही एक सीडी पडलेली होती, इतर सगळ्यांसारखीच, वर दुसऱ्या कुणी लिहिलेलं तेच नाव असलेली.

"बेन," त्याने विचारलं, "खाली नाव लिहिलंय ते अक्षर तुमचं?"

"माझं," रमीलाबेन म्हणाल्या. "अजून एकोणसत्तर काढा."